याचिका फेटाळली, ती कशावरून?

'न्यायालयाने याचिका फेटाळली' एवढंच मथळ्यात येतं. ती कशावरून फेटाळली हे बातमीच्या चौथ्या-पाचव्या परिच्छेदात असतं आणि तिथवर वाचणारे थोडे. पण पुढचं सगळं त्या 'कशावरून'वर अवलंबून असतं. अर्जदाराला मागणी करण्याचा अधिकारच नाही म्हणून फेटाळली, की मुदत टळली म्हणून, की तारखेला कुणी हजर नव्हतं म्हणून, की सगळं ऐकून घेतल्यावर मुद्दाच पटला नाही म्हणून? पहिल्या तीन प्रकारांत मूळ प्रश्नाला न्यायालयानं हातही लावलेला नसतो. चौथ्या प्रकारात प्रश्नाचा निकाल लागलेला असतो आणि मग त्याच पक्षांना तोच वाद पुन्हा उकरून काढता येत नाही.

या बाबतीत १९६१ चा दर्याव खटल्याचा निकाल अजूनही आधार म्हणून सांगितला जातो. तो लिहिला आपल्या साताऱ्याच्या न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी. उच्च न्यायालयानं दोन्ही बाजू ऐकून गुणदोषांवर याचिका फेटाळली असेल, तर तोच मुद्दा घेऊन घटनेच्या अनुच्छेद ३२ खाली, म्हणजे मूलभूत हक्कांसाठी थेट दाद मागण्याच्या तरतुदीखाली, सर्वोच्च न्यायालयात नव्यानं येता येणार नाही, असं त्यांनी सांगितलं. पण उशीर झाला म्हणून किंवा दुसरा उपाय उपलब्ध आहे म्हणून ती फेटाळलेली असेल, किंवा कारण न देता दारातूनच परत पाठवलेली असेल, तर वाट बंद होत नाही. मला हा निकाल फार आवडतो. हरलेल्या माणसाला 'तू नक्की काय हरलास' हे तो नीट उलगडून सांगतो.

मी वकील नाही. बँकेत नोकरी करतो. हे सगळं मला वाचावं लागलं ते भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ मुळे. इंग्रजांनी १८६० साली केलेल्या त्या संहितेतलं हे कलम 'निसर्गक्रमाविरुद्ध' संबंधांना जन्मठेपेपर्यंतची शिक्षा सांगत होतं. मी समलैंगिक आहे. माझ्या आयुष्याची पहिली तीस-पस्तीस वर्षं त्या कलमाच्या सावलीत गेली आणि त्या काळात दिल्लीतल्या न्यायालयांत काय चाललंय यावर माझी झोप अवलंबून असायची. म्हणून निकालपत्रं वाचायला शिकलो. आधी शब्दकोश घेऊन, मग सवयीनं.

या कलमाविरुद्धची पहिली याचिका तुरुंगातून सुरू झालेल्या वादातून आली. १९९४ मध्ये दिल्लीच्या तिहार तुरुंगात एचआयव्हीचा प्रसार रोखण्यासाठी कैद्यांना निरोध द्यावेत अशी मागणी झाली. तुरुंग प्रशासनानं नकार दिला. निरोध द्यायचे म्हणजे आत पुरुषांचे पुरुषांशी संबंध आहेत हे मान्य करायचं, आणि ते तर ३७७ खाली गुन्हा. तेव्हा 'एड्स भेदभाव विरोधी आंदोलन' ही छोटी संघटना दिल्ली उच्च न्यायालयात गेली. त्यांच्याकडे पैसा नव्हता, मोठे वकील नव्हते. प्रकरण वर्षानुवर्षं रेंगाळलं आणि ३७७ च्या घटनात्मकतेवर काहीच निर्णय न होता संपलं. ती माणसं आज कुणाला फारशी आठवत नाहीत. मला मात्र त्यांचं नाव या गोष्टीत सर्वांत आधी घ्यावंसं वाटतं, कारण ज्या काळात 'समलैंगिक' हा शब्द उच्चारायचीही चोरी होती, त्या काळात त्यांनी तो न्यायालयाच्या कागदावर आणला.

२००१ मध्ये नाझ फाउंडेशननं त्याच उच्च न्यायालयात नवी याचिका दाखल केली. दिल्लीत एचआयव्हीग्रस्तांसाठी काम करणारी ही संस्था. वकील लॉयर्स कलेक्टिव्हचे आनंद ग्रोव्हर. मांडणी सार्वजनिक आरोग्याच्या बाजूनं होती. कलमाच्या भीतीनं लोक लपून राहतात, लपलेल्या माणसापर्यंत आरोग्यसेवक पोहोचत नाही आणि रोग पसरतो. त्याच वर्षी जुलैमध्ये लखनौत पोलिसांनी आरिफ जाफर आणि त्यांच्या सहकाऱ्यांना पकडलं. ही मंडळी एड्सविषयी जनजागृती करत होती. जाफर ४७ दिवस तुरुंगात होते. याचिकेतला युक्तिवाद खरा की खोटा हे पडताळायला याहून वेगळा पुरावा कशाला हवा होता?

तरीही २ सप्टेंबर २००४ रोजी उच्च न्यायालयानं याचिका फेटाळली. कारण काय? तर नाझ ही संस्था आहे, तिच्यावर या कलमाखाली कुणी खटला भरलेला नाही, तिचं स्वतःचं काही बिघडलेलं नाही. तेव्हा हा केवळ तात्त्विक प्रश्न आहे आणि असल्या प्रश्नावर कायद्याची वैधता तपासता येणार नाही. फेरविचाराचा अर्जही त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये नामंजूर झाला.

या आदेशाचा अर्थ माझ्यासारख्या माणसासाठी काय होता ते सांगतो. संस्था आली तर 'तुला काय त्याचं' असा प्रश्न. मग ज्याला त्याचं काही आहे त्यानं यावं. पण त्यानं यायचं म्हणजे स्वतःच्या सहीनं, शपथपत्रावर, 'हा गुन्हा मी करतो' असं लिहून द्यायचं. नाहीतर आधी पकडलं जायचं, आरोपी व्हायचं, गावात छी-थू करून घ्यायची, नोकरी घालवायची आणि मग म्हणायचं की आता माझं ऐका. त्या वर्षी मी कोल्हापूरहून पुण्यात येऊन नुकता स्थिरावत होतो. माझ्या ओळखीत असा एकही जण नव्हता जो त्या शपथपत्रावर सही करू शकला असता. मीही नाही. आमच्यात धैर्य नव्हतं असं मी म्हणणार नाही. आमच्यामागे आईबाप होते, लग्नाची बहीण होती, भाड्याची खोली होती.

'शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये' असं आपल्याकडे म्हणतात. ज्यांचे प्रश्न पंचायतीत, भावकीत, नाहीतर चार शब्द बोलून सुटतात त्यांच्यासाठी ते ठीक आहे. ज्याचं नुसतं असणं हाच गुन्हा ठरवलाय, त्याला पायरी चढण्यावाचून दुसरा रस्ता नसतो. आणि पहिल्या पायरीवरून ढकललं तर पुन्हा चढण्यावाचूनही.

नाझनं तेच केलं. त्यांनी सर्वोच्च न्यायालयात विनंती केली की आम्ही बरोबर की चूक ते तूर्त राहू द्या, पण आमचं ऐकून न घेता परत पाठवणं बरोबर आहे का एवढं सांगा. ३ फेब्रुवारी २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की या प्रश्नाचा विचार व्हायला हवा, त्या कारणावरून तो फेटाळण्याजोगा नव्हता. उच्च न्यायालयाचा आदेश रद्द झाला, याचिका जिवंत होऊन परत दिल्लीत आली. या आदेशाची तेव्हा कुणी फारशी दखल घेतली नाही. त्यात समलैंगिकांविषयी एकही गोड शब्द नाही. पण पुढे जे काही झालं ते सगळं या कोरड्या आदेशाच्या आधारावर झालं. मधल्या जवळपास दीड वर्षात नाझनं 'जाऊ दे' म्हटलं असतं तर?

इथे थोडं मागे जातो, कारण हरलेल्या खटल्यांची आपल्याकडची एक आठवण मला नेहमी सोबत करते. र. धों. कर्व्यांवर 'समाजस्वास्थ्य' मासिकातल्या मजकुरावरून अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ मध्ये त्यांच्या बाजूनं मुंबईत उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. वाचकांनी लैंगिक शंका विचारल्या होत्या, त्यांत समलैंगिकतेविषयीची शंकाही होती, आणि कर्व्यांनी उत्तरं दिली होती. लोक असे प्रश्न विचारतात तर त्यांना ज्ञान मिळालं पाहिजे, लैंगिक विषयावर लिहिलं म्हणजे ते आपोआप अश्लील होत नाही, अशी बाजू बाबासाहेबांनी मांडली. खटला हरले. कर्व्यांना दंड झाला. त्यांनी दंड भरला आणि मासिक पुढे १९५३ पर्यंत, म्हणजे स्वतःच्या मृत्यूपर्यंत, चालवलं. मराठीत हा विषय बोलण्याची जागा आधी एका हरलेल्या खटल्यात तयार झाली, हे मला फार मोलाचं वाटतं.

२ जुलै २००९ ला दिल्ली उच्च न्यायालयाचा निकाल आला. मुख्य न्यायमूर्ती अजित प्रकाश शहा, मूळचे सोलापूरचे, आणि न्यायमूर्ती एस. मुरलीधर. प्रौढ माणसांनी संमतीनं, खासगीत ठेवलेल्या संबंधांना कलम ३७७ लागू करणं घटनेच्या विरोधात आहे, असं त्यांनी ठरवलं. 'तुला काय त्याचं' म्हणून पाच वर्षांपूर्वी बाहेर काढलेली तीच याचिका. त्याच संध्याकाळी आम्ही काही जण पुण्यात एका मित्राच्या गच्चीवर जमलो होतो. कुणी फारसं बोलत नव्हतं. एकानं निकालातले परिच्छेद मोठ्यानं वाचायला सुरुवात केली आणि रात्र होईपर्यंत वाचत राहिला. मी आईला सांगितलं ते त्यानंतर महिन्याभरात. कायद्यानं गुन्हेगार नाही हे हातात असल्याशिवाय मला तिच्यासमोर बसता आलं नसतं.

मग ११ डिसेंबर २०१३. सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी तो निकाल उलटवला. केंद्र सरकारनं अपील केलंच नव्हतं. दिल्लीतले एक ज्योतिषी सुरेश कुमार कौशल आणि इतर काही व्यक्ती-संघटना अपिलात गेल्या होत्या. आईचा फोन आला. तिनं विचारलं, "म्हणजे रे, आता परत पहिल्यासारखं का?" मी हो म्हटलं. मग जरा थांबून म्हणाली, "आणि परत जाता येत नाही का वरती?" याहून वरती काही नाही, हे तिला सांगणं मला त्या दिवशी सर्वांत जड गेलं.

त्या निकालातल्या दोन गोष्टींवर तेव्हा खूप बोललं गेलं. एक, समलैंगिक लोक देशाच्या लोकसंख्येचा अत्यल्प भाग आहेत आणि दीडशे वर्षांत या कलमाखाली दोनशेहूनही कमी जणांवर खटले चाललेले दिसतात, हा आधार. दुसरी, 'तथाकथित हक्क' हे शब्द. दोन्ही जिव्हारी लागले. पण पुन्हा पुन्हा वाचताना माझं लक्ष तिसऱ्याच गोष्टीनं वेधलं. न्यायालय म्हणत होतं की नाझच्या याचिकेत तपशील नाहीत. कुणावर, कधी, कुठे, शासनयंत्रणेनं काय भेदभाव केला याची ठोस माहिती याचिकेत दिलेली नाही. जे आहे ते तुटपुंजं आहे.

ही टीका अन्यायकारक होती, असं माझं आजही मत आहे. उच्च न्यायालयासमोर कितीतरी शपथपत्रं होती, आणि सर्वोच्च न्यायालयात तर समलैंगिक मुलामुलींचे आईवडील स्वतः उभे राहिले होते. पण अन्यायकारक असली तरी ती कागदावर होती, आणि पुढच्या याचिकेत काय असायला हवं ते तिनं सांगून ठेवलं होतं. २००४ चा आदेश म्हणत होता, ज्याचं दुखतंय तो कुठे आहे? २०१३ चा म्हणत होता, ज्याचं दुखतंय त्याचा तपशील कुठे आहे? दोन्ही नकार एकाच जागी बोट ठेवत होते.

आधी मात्र उरलेल्या वाटा संपवायच्या होत्या. फेरविचार याचिका २८ जानेवारी २०१४ ला फेटाळली गेली. फेरविचारावर सहसा खुल्या न्यायालयात युक्तिवाद होत नाही. न्यायमूर्ती दालनात कागद पाहतात आणि ठरवतात. त्यानंतर उरते ती उपचारात्मक याचिका, म्हणजे क्युरेटिव्ह पिटिशन. २००२ च्या रूपा अशोक हुर्रा निकालातून निघालेली ही अगदी शेवटची चिंचोळी वाट. तिला ज्येष्ठ वकिलाचं प्रमाणपत्र लागतं आणि ती क्वचितच यशस्वी होते. २ फेब्रुवारी २०१६ ला ही याचिका खुल्या न्यायालयात आली, तेव्हा सरन्यायाधीश ठाकूर यांच्या पीठानं ती फेटाळली नाही. पाच न्यायमूर्तींकडे सोपवली. आम्ही आनंदलो. पण मग काहीच हालचाल दिसेना.

अशा वेळी, २०१६ च्या उन्हाळ्यात, पाच माणसांनी एक कोरी याचिका दाखल केली. भरतनाट्यम नर्तक नवतेज सिंग जोहर, पत्रकार सुनील मेहरा, शेफ रितू दालमिया, हॉटेल व्यावसायिक अमन नाथ आणि उद्योजक आयेशा कपूर. अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात, स्वतःच्या नावानं. आधीची कुठलीही याचिका पुढे ओढलेली नव्हती. आम्ही समलैंगिक आहोत, हे आमचं आयुष्य, हे आमचं काम, हे आमचे जोडीदार, आणि हे कलम आमच्या जगण्याच्या आड येतं.

तेव्हा आमच्या गोटात यावर जोरात वाद झाले. बाहेरच्यांना वाटतं, चळवळीत सगळे एका सुरात बोलतात. तसं नसतं. माझ्याहून वीस वर्षांनी मोठा असलेला एक मित्र, ज्याला आम्ही सगळे दादा म्हणतो, तो चिडला होता. "दोन न्यायमूर्तींनी नाही म्हटलंय ना, ते एक वेळ पुसता येईल," तो म्हणाला. "पाच न्यायमूर्तींनी नाही म्हटलं तर माझ्या हयातीत हे दार परत कुणी उघडणार नाही. क्युरेटिव्ह आहे ना पडून, राहू दे की पडून. जिवंत तर आहे." त्याचं म्हणणं भित्रेपणाचं नव्हतं. मोठ्या पीठापुढे हरण्याची किंमत खरोखरच मोठी असते, आणि ती किंमत त्या पाच जणांबरोबर आम्ही सगळेच भरणार होतो. आम्हाला कुणी विचारलेलं नव्हतं.

मी त्या पाच याचिकाकर्त्यांच्या बाजूनं होतो आणि त्याचं कारण हेच, की मला ते दोन नकार पाठ होते. क्युरेटिव्हमध्ये जुनेच कागद पुन्हा पाहिले जाणार. ज्या याचिकेत तपशील नाहीत असं म्हटलं गेलं, तीच याचिका. तिला कितीही चांगले वकील दिले तरी तिच्यातली माणसं वाढणार नव्हती. नव्या याचिकेत माणसं होती. 'कोण आहे तो, त्याचं काय बिघडलंय' या प्रश्नाचं उत्तर पहिल्या पानावर नावानिशी लिहिलेलं होतं.

आणि ते लिहिणं किती जोखमीचं होतं! त्या दिवशी कलम ३७७ पूर्ण ताकदीनं लागू होतं. देशाच्या सर्वोच्च न्यायालयानंच दोन-अडीच वर्षांपूर्वी ते पुन्हा उभं केलं होतं. अशा वेळी त्याच न्यायालयात शपथेवर आपल्या संबंधांविषयी लिहून द्यायचं! लोक म्हणाले, ते नामवंत आहेत, पैसेवाले आहेत, त्यांना काय होतंय. मला तो मुद्दा मुळीच पटत नाही. प्रसिद्ध माणसाला गमावण्यासारखं जास्त असतं, आणि ज्यांना बोलता येत नाही त्यांच्यासाठी बोलू शकणाऱ्यानं बोलावं यात चुकीचं काय आहे?

आता प्रश्न उरतो की सर्वोच्च न्यायालयानं एकदा ठरवल्यावर तोच प्रश्न घेऊन नवी माणसं येऊ कशी शकतात. आईनंही विचारलं होतं, "हरल्यावर परत त्याच कोर्टात कसं जाता येतं?" तिला सांगितलं ते असं. जे पक्षकार होते त्यांना आधीचा निकाल बांधतो. हे पाच जण आधी पक्षकार नव्हते, आणि मूलभूत हक्कासाठी सर्वोच्च न्यायालयात जाणं हाच मुळी घटनेनं दिलेला मूलभूत हक्क आहे. दोन न्यायमूर्तींचा निकाल नंतरच्या दोघांना बाजूला सारता येत नाही हे खरं, पण मोठ्या पीठाला तो चुकीचा ठरवता येतो. तेव्हा पहिली लढाई प्रश्न मोठ्या पीठाकडे नेण्याचीच होती. जून २०१६ मध्ये नागपूरचे न्यायमूर्ती शरद बोबडे यांच्या पीठासमोर याचिका आली. त्यांनी ती सरन्यायाधीशांकडे पाठवली. मग पुन्हा शांतता.

मध्ये एक गोष्ट घडली जी या याचिकेत नव्हती आणि तरी तिच्यासाठी निर्णायक ठरली. २४ ऑगस्ट २०१७ रोजी, आधार कार्डाच्या वादातून निघालेल्या पुट्टस्वामी खटल्यात, नऊ न्यायमूर्तींनी एकमतानं खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. त्यात न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांनी लिहिलं की लोक संख्येनं थोडे आहेत हे हक्क नाकारण्याचं कारण होऊ शकत नाही. लैंगिक कल हा खासगीपणाचा गाभा आहे. त्याच निकालपत्रात त्यांनी एडीएम जबलपूर निकालाला, म्हणजे आणीबाणीत अटकेविरुद्ध न्यायालयात दाद मागता येणार नाही म्हणणाऱ्या निकालाला, सदोष म्हटलं, ज्यात त्यांचे वडील न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड बहुमताच्या बाजूनं होते. पुढच्या वर्षी व्यभिचाराच्या कलम ४९७ बाबतही तसंच झालं: १९८५ मध्ये वडिलांच्या पीठानं एका स्त्रीची याचिका फेटाळून कायम ठेवलेलं कलम, नव्या याचिकाकर्त्याच्या अर्जावरून, मुलगा सदस्य असलेल्या पीठानं २७ सप्टेंबर २०१८ रोजी रद्द केलं. पुणे जिल्ह्यातल्या कनेरसरचं हे घराणं. बापलेकांच्या मतभेदाची गोष्ट म्हणून लोक ती रंगवून सांगतात. मला मात्र १९८५ साली हरलेल्या त्या स्त्रीचं वाटतं. तिचे मुद्दे तेहतीस वर्षं कायद्याच्या अहवालांत पडून होते.

८ जानेवारी २०१८ ला जोहर याचिका मोठ्या पीठाकडे गेली. न्यायालयानं लिहिलं की आपल्या निवडीनं जगणाऱ्या लोकांनी कायम भीतीत राहता कामा नये. मग जणू बांध फुटला. मुंबईच्या हमसफर ट्रस्टचे अशोक राव कवी आले, ज्यांनी अनेक दशकं हे काम उघडपणे केलं. देशभरच्या आयआयटींमधले वीस आजी-माजी विद्यार्थी आले. त्यांत लहान गावांतून आलेली, घरी अजून पुरतं न सांगितलेली मुलं होती. आणि आरिफ जाफर आले. २००१ मध्ये लखनौत ४७ दिवस तुरुंगात काढलेला माणूस सतरा वर्षांनी याचिकाकर्ता म्हणून सर्वोच्च न्यायालयात. तपशील हवा होता ना? तारीख, ठाणं, तुरुंग, सगळं होतं.

जुलैमधली सुनावणी चार दिवसांची. केंद्र सरकारनं संमतीच्या संबंधांपुरता निर्णय न्यायालयावर सोपवला. ६ सप्टेंबर २०१८ ला पाचही न्यायमूर्तींनी, चार वेगवेगळ्या पण एकाच निष्कर्षाच्या निकालपत्रांतून, २०१३ चा कौशल निकाल चुकीचा ठरवला. न्यायमूर्ती इंदू मल्होत्रांनी लिहिलं की झालेल्या उशिरासाठी इतिहासानं या लोकांची आणि त्यांच्या कुटुंबीयांची माफी मागायला हवी. त्यातला 'कुटुंबीय' हा उल्लेख मी आईला दोनदा वाचून दाखवला. दादाचा फोन आला, तो नुसता रडत होता.

इथवर आलं की लोकांना वाटतं गोष्ट संपली. ती मी लिहायला घेतली ती पुढच्या भागासाठी.

१७ ऑक्टोबर २०२३ रोजी सुप्रियो खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं समलैंगिक विवाहाला मान्यता देण्यास नकार दिला. लग्नाचा मूलभूत हक्क घटनेत नाही आणि १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात आम्ही शब्द घालू शकत नाही, यावर पाचही जणांचं एकमत. जोडीनं राहण्याला कायदेशीर मान्यता द्यायला सरकारला भाग पाडावं की नाही यावर तीन विरुद्ध दोन. फेरविचार याचिका ९ जानेवारी २०२५ ला दालनातच फेटाळल्या गेल्या. तोवर मूळ पीठातले चार न्यायमूर्ती निवृत्त झाले होते. आमच्या गटावर पुन्हा तेच वाक्य फिरलं: संपलं आता.

मी ते निकालपत्र जुन्या सवयीनं वाचलं, 'कशावरून' शोधत. लग्नाला मान्यता नाही म्हणताना बहुमतानंही हे मानलं आहे की अशा जोडप्यांना निवृत्तिवेतन, विमा, वारसा यांसारख्या लाभांतून वगळलं जाण्याचा त्रास होतो. त्यासाठी सरकारनं नेमायच्या समितीकडे बोट दाखवलं. २०२४ मध्ये ती समिती झाली, आणि त्या वर्षी ऑगस्टमध्ये अर्थ मंत्रालयानं स्पष्ट केलं की समलैंगिक जोडप्यांना संयुक्त बँक खातं उघडायला आणि एकमेकांना नामनिर्देशित करायला आडकाठी नाही. ते पत्र माझ्या टेबलावर आलं तेव्हा मी त्याची प्रत काढून घरी नेली. मोठी गोष्ट नव्हे. पण काउंटरवर उभ्या राहिलेल्या जोडप्याला ती पुरते.

आणि २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात एका समलैंगिक जोडप्यानं प्राप्तिकराची याचिका केली. जवळच्या नातेवाइकाकडून मिळालेल्या भेटीवर कर नाही; पन्नास हजारांवरची भेट परक्याकडून आली तर ती उत्पन्न धरली जाते. पती-पत्नी नातेवाईक आहेत. मग वर्षानुवर्षं एका छताखाली राहणारे हे दोघे परके कसे? १९६१ च्या कायद्यातल्या कलम ५६ पुरता हा प्रश्न आहे आणि न्यायालयानं नोटीस काढली आहे. लग्न द्या अशी मागणी त्यात नाही. मला ही याचिका २०२३ च्या नकाराचं अगदी नेमकं उत्तर वाटते. ती जिंकेल का हे कुणालाच सांगता येणार नाही, आणि फेटाळली गेली तर तेव्हाही 'कशावरून' हे आधी वाचावं लागेल.

दरम्यान मी आणि माझ्या जोडीदारानं एक फाइल सुरू केली आहे. गेल्या वर्षी त्याची शस्त्रक्रिया झाली, तेव्हा संमतिपत्रावर रुग्णाशी नातं या रकान्यात माझ्यापुढे 'मित्र' असं लिहिलं गेलं आणि सहीसाठी त्याच्या भावाला सांगलीहून येईपर्यंत थांबावं लागलं. त्या कागदाची प्रत फाइलमध्ये आहे. गृहकर्जाच्या अर्जाचा नकार आहे, त्यावरचं कारण अधोरेखित करून. कार्यालयातल्या आरोग्य विम्यात जोडीदाराचं नाव घालता येत नाही असं सांगणारी ई-मेल आहे, तारखेसह. आम्ही याचिका करणार आहोत असं नाही. पण पुढे कुणीतरी करेल, आणि तिथे पुन्हा विचारलं जाईल की तपशील कुठे आहेत. तुमच्याकडे असे कागद असतील तर ते फाडून टाकू नका. तारीख घाला, कुणी काय कारण सांगितलं ते त्याच दिवशी लिहून ठेवा, लेखी नकार मागून घ्या. तोंडी नकार देणारा माणूस लेखी द्यायची वेळ आली की पुष्कळदा आपलं म्हणणं बदलतो, हे मी काउंटरच्या आतल्या बाजूनं पाहिलेलं आहे.